आधी एकीचं काढा

एकमान पद्धत शिकवण्यात माझी एकवीस वर्षं गेली. अंजूरच्या शाळेत माझं एकच पालुपद, आधी एकाचं काढा. गणित मुलांच्या ओळखीचं असावं म्हणून पाचवीला मी गोडाउनचं घातलं होतं: दोन बायका एका दिवसात ३२० खोकी भरतात, तर एक बाई किती?

रोशनीने लिहिलं, ‘एकटीनं होत नाही. धरायला दुसरी लागते.’

तिची आई मैना गोडाउनमध्येच खोकी भरते, हे मला ठाऊक होतं. तरी मी लाल फुली मारली आणि वर ‘गणित नीट वाच’ असा शेराही दिला.

चार दिवसांनी मैना शाळेच्या दारात उभी.

“बाय, मला न् माझ्या जोडीच्या ठकुबायला उद्यापासून येव नका सांगितलं. सोमवारपासून येकेकीला येगळं बशिवलं. येकटीनं दीडशेच्या वर भरायची म्हनं. माझी चाळीस झाली. तुमी सांगाल का तिला? तुमची पोरगी हाय ती.”

ती म्हणजे उन्नती, तिथली सुपरवायझर. दहा वर्षांपूर्वी माझ्याच वर्गात पहिल्या बाकावर बसायची. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मैनाला घेऊन तशीच रिक्षात बसले.

उन्नती पाया पडली, खुर्ची दिली, चहा मागवला. मग कागद पुढे सरकवला. “बाई, वरून एकेकीचं टार्गेट मागतात. जोडीचे ३२०, भागिले दोन, १६०. तुम्हीच शिकवलंय ना? चुकलं का कुठे?”

आपलेच दात, आपलेच ओठ. कागदावर काहीच चुकलं नव्हतं, त्याचाच मला जास्त संताप आला.

“ऊठ,” मी म्हटलं. “एक खोकं तू भर. एकटीने.”

ती हसत उठली. माल भरला, झाकणं दाबली, टेप ओढायला हात काढला की झाकणं वर. गुडघा टेकवला तर खोकं घसरलं. टेप बोटांना चिकटली. तिसऱ्यांदा झाकणं उघडली तेव्हा ती वैतागून ओरडली, “मैना, धर ना जरा!”

मैनाने धरलं. टेप सर्रकन बसली.

“आता सांग,” माझा आवाज चढला होता. “यातलं तुझं किती, तिचं किती?”

उन्नतीने बोटांना चिकटलेली टेप सोलून काढली. मग म्हणाली, “जोडीनेच लावते दोघींना. वर काय सांगायचं ते बघते मी.”

मैनाने माझा हात धरला. रिक्षात मी स्वतःवरच खूश होते, हे कबूल करते.

दुसऱ्या दिवशी वर्गात रोशनीची वही मागितली, फुली खोडली आणि बरोबरची खूण केली. सगळ्यांना सांगितलं, रोशनीचं उत्तर बरोबर होतं.

मला वाटलं पोरगी हसेल. ती वहीकडे बघत राहिली, रागाने.

“बाई, मी तवाच लिवलं व्हतं. तुमी आईला इचारलं असतं तरी कळलं असतं.”

“हो गं, चुकलं माझं.”

“मंग तुमच्या चुकीला फुली कुठं मारायची?”

मी लाल पेन तिच्या हातात दिलं. तिने माझा शेरा शोधला आणि कागद फाटेस्तोवर दाबून फुली मारली.