दोन जिन्यांचं घर

हे घर ज्याने बांधलं तो राणी व्हिक्टोरियाच्या जमान्यातला बडा माणूस. बडा म्हणजे काय, अंमळ खुळाच! नोकरमाणसं नजरेला पडली की म्हणे त्याला जेवण पचायचं नाही. म्हणून त्याने दोन जिने केले. पुढचा रुंद, कोरीव कठड्याचा, मालकांसाठी. मागचा अरुंद, काळोखा, नोकरांसाठी. आणि वरून हुकूम सोडायला भिंतीतून थेट स्वयंपाकघरापर्यंत पितळी नळी नेली. एका टोकाला फुंकलं की दुसऱ्या टोकाला शिट्टी वाजायची, मग बूच काढून बोलायचं. माणसाचं तोंड न बघता त्याला राबवून घ्यायची केवढी ही खटपट! पण त्याची ती सोय पुढे उपयोगी पडली दोन जावांना.

थोरली खाली, धाकटी वर. दोघींचे नवरे देवाघरी गेलेले, पोरं परगावी. भांडण झालं ते पुढच्या जिन्याच्या वळणावरच्या रंगीत काचेच्या खिडकीवरून. पुसायची कोणी? ती धड वरची नाही, धड खालची नाही. शब्दाने शब्द वाढला आणि थोरली कडाडली, "आजपासून तुझं तोंड बघणार नाही!"

"मीही तुमचं नाही बघणार, जाऊबाई!"

आणि दोघींनी शब्द पाळला, हो! थोरली पुढच्या दाराने ये-जा करायची, धाकटी मागच्या जिन्याने. पण बोलणार नाही असं कोण म्हणालं होतं? सकाळी डोळा उघडला की नळी चालू. "भाजीत मीठ जास्त पडलंय गं." "बटाटा टाका." "शेजारीण पुन्हा माहेरी गेली वाटतं." दिवसभर नुसतं गुऱ्हाळ, तेही वर्षानुवर्षं.

मग मागच्या जिन्याच्या पायऱ्यांनी मान टाकली आणि आर्किटेक्टला बोलवावं लागलं. तो गडी घराच्या प्रेमातच पडला. प्रत्येक बिजागरीपाशी उभा राहून उसासे टाकायचा. जिना बंद झाला तशी धाकटी वरच अडकली. पुढच्या जिन्याने उतरेल तर शपथ! खिडकीतून दोरीने टोपली सोडून भाजी वर घ्यायची.

एका दुपारी थोरलीने नळीत फुंकलं. उत्तर नाही. पुन्हा फुंकलं. शुकशुकाट. "रुसली असेल, रुसू दे," म्हणत ती पीठ मळायला बसली. पण हात चालेना. सकाळीच धाकटी म्हणाली होती, छातीत कसंसंच होतंय. आणि आपण काय म्हणालो? गॅस असेल, ओवा खा! ही गेली तर? अख्ख्या घरात आपल्याशी बोलणारं दुसरं आहे कोण?

"खड्ड्यात गेली ती शपथ!" म्हणत पिठाच्या हातांनी ती पुढच्या जिन्याकडे धावली. गुडघ्यांच्या नावाने बोटं मोडत कशीबशी वळणापर्यंत चढली, आणि वरून धापा टाकत येणाऱ्या धाकटीवर आदळली.

"जिवंत आहेस!"

"मला काय धाड भरलीय? नळीत फुंकून फुंकून गाल दुखले. मला वाटलं, तुम्हीच..." आणि धाकटीला रडूच कोसळलं.

थोरलीने तिच्याकडे नीट पाहिलं. "अगं बाई, किती म्हातारी झालीस!"

"तुम्ही काय सोळा वर्षांच्या राहिलात?" धाकटी रडता रडता म्हणाली.

तेवढ्यात वरच्या दारातून चुन्याने पांढराफटक झालेला आर्किटेक्ट डोकावला. "काय झालं? नळीत धूळ जाऊ नये म्हणून मी मधल्या सांध्यात चिंध्यांचा बोळा घातलाय. फार दुर्मिळ वस्तू आहे हो ती."

"आम्हाला विचारायला काय झालं होतं?" दोघी एका सुरात ओरडल्या. तो दार लावून आत पळाला.

नळीपाशी शब्द कधी कमी पडले नव्हते, आणि आता समोरासमोर काय बोलावं ते सुचेना. शेवटी थोरलीच म्हणाली, "फार घाबरले गं मी. तुझ्याशिवाय कोण आहे मला?"

"नळीतून हे कधी म्हणाला नाहीत!"

"नळीतून तू रडताना कुठे दिसत होतीस?" थोरलीने पिठाचा हात पुढे केला. "पुरे आता. धर मला. चढताना चढले, पण आता एकटीने उतरणं काही जमायचं नाही."