सांजहाळीवाचून अडलेला पाळणा

मित्रांनो, मी एक जुना पाळणा आहे. बाळाचा नव्हे, माझ्यात बसून आजवर जी माणसं रडली ती सगळी वयाने मोठी होती. मी रोपवेचा पाळणा. आल्प्सच्या एका अरुंद दरीत, खालच्या रीडमाट गावापासून वर ओबरबीलच्या कुरणांपर्यंत जो पोलादी दोर जातो, त्याला लटकून मी उभा जन्म काढला.

मला गावच्या लोहाराने आणि सुताराने मिळून घडवलं. लोहाराला मी मजबूत हवा होतो आणि सुताराला देखणा. दोघांचं शेवटपर्यंत पटलं नाही, म्हणून मी जड झालो आणि डाव्या अंगाला जरासा कलता. मला लाल रंग दिला. पाद्रीबाबांनी माझ्यावर पवित्र पाणी शिंपडलं, माझ्या सुरक्षित प्रवासासाठी लांबलचक प्रार्थना केली आणि ती आटोपल्यावर ते स्वतः पायवाटेने चालत वर गेले.

सुरुवातीची वर्षं मानाची होती. दुधाच्या किटल्या, चीजचे चाकासारखे गोळे, आजारी वासरं, एकदा एक नवरी, तिच्यामागून तिचं कपाट, सगळं माझ्यातून गेलं. लोक माझ्या पत्र्यावर थाप मारून म्हणत, "हा आहे म्हणून आपण वर राहू शकतो." मी फुगून जायचो. पण खरं सांगू? मी कधी कुठे गेलोच नाही. दोराच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत जाणं आणि परत येणं, याला प्रवास म्हणत नाहीत. दोराच्या दुसऱ्या बाजूला माझा जुळा भाऊ टांगलेला होता. मी वर निघालो की तो खाली निघायचा. अर्ध्या वाटेत आम्ही एकमेकांना क्षणभर दिसायचो. सगळ्या जन्मात आमचं तेवढंच भेटणं, आणि बोलणं तर नाहीच. माझ्या दाराला कडी होती तीही बाहेरून. आत बसलेल्याला वाटायचं आपण कोंडले गेलो आहोत. मी त्याला कशाच्या तोंडाने धीर देणार?

पुढे कच्चा रस्ता झाला, दूध जीपमधून जाऊ लागलं आणि माझ्या नशिबी पाहुणे आले.

पाहुण्यांना आणायचा कास्पार गिस्लर. अंगाने गोल, मिशा पिळदार, बोलणं न संपणारं. त्याने खालच्या स्टेशनवर पाटी लावली होती: 'छोटी सफर. पाच शिखरं, दोन तळी, शेवटी पाव आणि चीज.' आमच्याकडे धुकं बारमाही असतं, पण कास्पारने धुक्यापायी कधी सफर रद्द केली नाही. पांढऱ्या पडद्याकडे बोट दाखवून तो म्हणायचा, "डावीकडे ग्राउश्टॉक."

"दिसत नाही हो," पाहुणे म्हणायचे.

"आहे तिथेच आहे, मॅडम. तो कुठे जाणार?"

यावर माझ्याइतकं मनापासून कुणी हसलं नसेल.

सायंकाळच्या सफरीत आणखी एक कार्यक्रम होता, तो म्हणजे सांजहाळी. वरच्या कुरणांवर ही रीत फार जुनी आहे. दिवस मावळताना गुराखी कुरणावर रोवलेल्या क्रुसाखाली उभा राहतो, दूध गाळायचं लाकडी नरसाळं तोंडाला लावतो आणि चारी दिशांना तोंड करून प्रार्थनेची हाळी देतो. आवाज जिथवर पोचेल तिथवर माणूस, गुरं, घर, पाणी सगळं रात्रभर सुखरूप राहतं असं मानतात. हाळी सुरू झाली की सगळी कामं थांबतात. गवत कापणारा विळा थांबतो, धार काढणारा हात थांबतो. वरच्या स्टेशनवर माझं इंजिन चालवणाऱ्या ओटिलियाबाई तर हाळीची वेळ झाली की ती सुरू व्हायच्या आधीच इंजिन बंद करायच्या. बाहेर कुंपणापाशी हात जोडून उभ्या राहायच्या आणि हाळी संपली की पुन्हा चालू करायच्या. त्यांच्या वडिलांनीही तेच केलं होतं.

हाळी द्यायचा मेल्क झग्रागेन. उंच, हडकुळा, कमी बोलणारा. त्याचा आवाज मात्र असा होता की समोरचा कडाही तो ऐकून उलट पाठवायचा.

एका उन्हाळ्यात कास्पारचे पाहुणे हाळी ऐकायला गेले. ती संपल्यावर त्यांनी टाळ्या वाजवल्या. एकाने तर "वन्स मोअर" म्हटलं. मेल्कने नरसाळं खुंटीला अडकवलं, हौदावर जाऊन तोंड धुतलं आणि त्या दिवसापासून कास्पारशी बोलणं टाकलं. कास्पार दिसला की तो पायवाटेने जायचा. पुढच्या उन्हाळ्यात तर तो कुणाशीच बोलेना. गुरंसुद्धा शिट्टी वाजवून बोलवायचा. हाळी तेवढी चुकवत नसे. गाव म्हणालं, मेल्कचा राग वाढलाय. मीही तेच म्हणालो. पाळण्याला माणसांपेक्षा जास्त अक्कल असते असं नाही.

ऑगस्टमधली ती संध्याकाळ. धुकं दाट आणि वारा उठण्याच्या बेतात. कास्पार दोन पाहुण्यांना घेऊन खालच्या स्टेशनवर आला. झ्युरिककडच्या निवृत्त मुख्याध्यापिका हुर्लिमानबाई आणि त्यांचे यजमान. यजमानांनी माझ्यात पाऊल टाकलं आणि डोळे मिटून घेतले. कास्पारने निघायची घंटी दिली, तेवढ्यात मेल्क धापा टाकत आला. तो सकाळी चालत गावात उतरला होता. आता चालत वर जायला वेळ उरला नव्हता. त्याने आत बघितलं, कास्पारला बघितलं, घड्याळ बघितलं आणि चढला.

"अरे वा!" कास्पार म्हणाला. "आज देवमाणूस आमच्या पंगतीला!"

मेल्कने तोंड काचेकडे फिरवलं.

"हे कोण?" बाईंनी विचारलं.

"हाच आपल्या सफरीचा शेवटचा कार्यक्रम, मॅडम. आज मांडीला मांडी लावून."

अर्ध्याच्या वर गेलो असू, तोच हिसका बसला आणि मी थांबलो. खाली घळ, वर धुकं, दोन्ही बाजूंनाही धुकंच.

"पोचलो का?" यजमानांनी डोळे न उघडता विचारलं.

"हाळीसाठी थांबतो हा पाळणा," कास्पार म्हणाला. "ओटिलियाबाईंची रीत आहे. इंजिन बंद करून त्या बाहेर उभ्या राहतात. हाळी झाली की निघायचं. कान द्या हां, आता वरून आवाज येईल..."

आणि बोलता बोलता त्याचं तोंड उघडंच राहिलं. वरून आवाज येणार होता तो कुणाचा? हाळी देणारा समोर गुडघ्याला गुडघा लावून बसला होता. ओटिलियाबाईंच्या हिशेबी मेल्क दुपारीच चालत वर आलेला होता आणि कुठल्यातरी गाईमागे अडकला होता.

मुख्याध्यापिकाबाईंनी चष्मा पुसला. "म्हणजे हे वर गेल्याशिवाय हाळी होणार नाही, आणि हाळी झाल्याशिवाय हे वर जाणार नाहीत."

"असंच दिसतंय, मॅडम."

"कुणी केले हे नियम?"

"नियम नाही हो, रीत आहे. नियम असता तर मोडता आला असता."

माझ्या कोपऱ्यात हँडलचा एक काळा फोन होता. कास्पारने हँडल फिरवून फिरवून हात दुखवून घेतला. वर इंजिनाच्या खोलीत घंटा वाजत होती आणि ओटिलियाबाई कुंपणापाशी हात जोडून उभ्या होत्या. प्रार्थनेच्या वेळी फोन उचलणं त्यांच्या डोक्यातही येणार नव्हतं. मेल्क येईल, हाळी देईल, मग इंजिन. मेल्क कधी चुकला नव्हता.

वारा सुटला. मी डुलू लागलो. माझं कलतं अंग वाऱ्याच्याच बाजूला, त्यामुळे दर झोक्याला यजमान "देवा" म्हणायचे. माझ्या फटींतून थंडी आत शिरत होती. बाईंचे ओठ निळसर दिसायला लागले तसा कास्पारचा सूर बदलला.

"मेल्क, इथूनच दे की. मी काच सरकवतो."

मेल्क गप्प.

"अरे, राग माझ्यावर आहे ना? मग या बिचाऱ्यांना कशाला गारठवतोस? आणि त्या टाळ्या काही मी वाजवल्या नव्हत्या!"

गप्पच.

"बोल ना! तोंड शिवून आलायस का?"

तेव्हा मेल्क वळला. त्याने तोंड उघडलं आणि त्यातून जे बाहेर आलं ते ऐकून माझ्या पत्र्यावर काटा आला. तो आवाज नव्हताच. वाळू घासल्यासारखी खरखर होती.

"घशात गाठ आहे," तो म्हणाला. "आज शहराच्या डॉक्टरने दाखवली. आता ओरडलास तर राहिलेला आवाजही जाईल म्हणाला. कायमचा."

कास्पारच्या मिशा खाली आल्या. "कधीपासून रे हे?"

"गवत कापायच्या आधीपासून."

"आणि आम्ही समजत होतो तू फुगून बसलायस!"

"फुगलो होतोच," मेल्क खरखरला. "ते वेगळं."

"मग रोजची हाळी?"

"देत होतो, सगळा जोर लावून. दिल्यावर रक्त थुंकत होतो."

माझा दोर तेवढा कुरकुरत होता. मेल्कने बाईंच्या निळ्या ओठांकडे बघितलं, टोपी काढून मांडीवर ठेवली आणि तो काच सरकवायला उठला. कास्पारने त्याची बाही धरून त्याला खाली बसवलं.

"बस. मी देतो."

"तू? पाव-चीजच्या आधी की नंतर?"

"टोमणे नंतर मार. तुझ्याआधी माझा बाप द्यायचा हाळी. शब्द मला झोपेतही येतात."

"शब्द येतील. थांबायचं कुठे ते येतं का?" मेल्क श्वास घेत घेत म्हणाला. "कड्यावरून एक ओळ परत आल्याशिवाय दुसरी सोडायची नसते. तू कुणाला बोलू देतोस का कधी?"

कास्पारने मेल्कला शेवटपर्यंत बोलू दिलं. मी त्याला ओळखतो तेव्हापासून ही पहिलीच वेळ.

"मग तू सांग थांब म्हणून," तो शेवटी म्हणाला. "खांद्यावर हात ठेव. दाबलास की थांबतो, सोडलास की पुढे."

मेल्कने हात उचलून कास्पारच्या खांद्यावर ठेवला.

नरसाळं वर खुंटीला होतं. कास्पारने आपला शिखरांचा आणि तळ्यांचा लाडका नकाशा काढला, त्याची गुंडाळी करून तोंडाला लावली आणि डोकं काचेबाहेर काढलं. पहिली ओळ गेली. खांदा दाबला गेला. कास्पार थांबला. थांबणं त्याला किती जड जात होतं ते मला माझ्या तळाच्या फळ्यांतून कळत होतं. मग धुक्याच्या पलीकडून, कुठल्याशा न दिसणाऱ्या कड्यावरून, ती ओळ परत आली. हात सुटला. दुसरी ओळ गेली.

चारी दिशांना हाळी द्यायची म्हणजे एवढ्याशा जागेत फिरणं आलं. दर दिशेला चौघांना उठून जागा बदलावी लागे. तिसऱ्या दिशेला यजमानांनी नाइलाजाने डोळे उघडले आणि ते तसेच उघडे राहिले. या गावाचं भलं होवो, या गुरांचं, या पाण्याचं, वाटेत असलेल्या सगळ्यांचं, असं कास्पार ओरडत होता आणि त्याच्यामागे मेल्कचे ओठ प्रत्येक शब्दाबरोबर बिनआवाजाचे हलत होते. मित्रांनो, मी आजवर जे जे वाहिलं ते कुणीतरी दार उघडेपर्यंत माझ्यातच पडून राहिलं. ही हाळी मात्र कुणाची वाट न बघता माझ्यातून निघाली आणि सगळ्या दरीभर झाली.

हाळी संपली. बाईंचे हात सवयीने एकमेकांजवळ आले. मग त्यांनी ते मुकाट्याने मांडीखाली दाबून धरले.

दोर हलला.

ओटिलियाबाईंनी बाहेरून कडी काढली आणि आत बघून त्या दोन पावलं मागे सरल्या. "मेल्क? तू खालून येतोयस? मग हाळी दिली कुणी?"

मेल्कने कास्पारकडे मान केली.

ओटिलियाबाई कास्पारकडे वळल्या. "मला वाटलं तुझे वडील आले," त्या हळूच म्हणाल्या. कास्पारने पाहुण्यांना एकही शिखर न दाखवता सरळ पाव-चीजकडे नेलं.

त्या शरद ऋतूत मेल्कच्या घशाचं ऑपरेशन झालं. मेल्क वाचला, आवाज वाचला नाही. पण डॉक्टर म्हणाले, आणखी एक उन्हाळा असाच काढला असता तर माणूसही हातचा गेला असता. कास्पारने पाटीवरची सायंकाळची सफर खोडून टाकली. संध्याकाळी तो एकटाच वर यायचा. क्रुसाखाली तो हाळी द्यायचा आणि मेल्क त्याच्या खांद्यावर हात ठेवून मागे उभा राहायचा. मधेच खांदा जोरात दाबला गेला की समजायचं, कास्पार घाई करतोय. दिवसा मात्र कास्पार धुक्यातली शिखरं पूर्वीसारखीच दाखवत राहिला. सगळंच सुधारायला तो काही संत नव्हता.

आता माझ्या जागी मोठ्या काचांचा नवा पाळणा आहे. मी ओटिलियाबाईंच्या घरामागे जमिनीवर उभा आहे. माझ्यात सरपण रचलेलं असतं. पाऊस आला की कोंबड्या बसतात. रंग उडालाय, बिजागऱ्या गंजल्यात. कुणी तेल घातलं तर मी नाही म्हणणार नाही.

पण मित्रांनो, तेलापेक्षा मोठं मागणं माझं वेगळं आहे. तुमच्या घरात, वर्गात, शेजारच्या बाकावर कुणी बरेच दिवस गप्प असेल, तर तो रागावलाय असं ठरवून मोकळे होऊ नका. आम्ही सगळ्यांनी तेच केलं, आणि एक माणूस आमच्या डोळ्यांदेखत उन्हाळाभर एकटा रक्त थुंकत राहिला. जवळ जा. विचारा. त्याने टोमणा मारला तरी पुन्हा विचारा. मेल्कला कास्पारने विचारलं, कारण मी हवेत लटकलो होतो आणि दोघांनाही उठून जाता येत नव्हतं. तुम्ही जमिनीवर आहात, तुम्हाला कुठेही उठून जाता येतं. म्हणून तर सांगतो, जायच्या आधी विचारा.