पडद्यावरचा इग्नेशियस

१९८५ सालच्या एका रविवारी दुपारी वटार गावात पीटरच्या घरी टीव्हीवर बंगाली सिनेमा लागला होता. भाषा कुणालाच कळत नव्हती, तरी ओटीवर माणसं दाटीने बसली होती. जुलियानाही लेकीला, दहा वर्षांच्या सालोमीला, घेऊन आली होती.

पडद्यावर मोटारीचा ड्रायव्हर मालकाला वाचवायला पुढे झाला. त्याने मान वळवली आणि जुलियानाचा दीर हिलरी ओरडलाच, "दादा! अरे, हा तर आमचा दादा!"

जुलियानाचा नवरा इग्नेशियस बोटीवर खलाशी होता. सालोमी रांगत होती तेव्हा कलकत्त्याच्या बंदरातून तो बेपत्ता झाला. बुडाला, असंच सगळ्यांनी धरलं होतं. दरवर्षी त्याच्या नावाने चर्चमध्ये मिस्साची प्रार्थना होत असे.

जुलियाना उभी राहिली. तोच किंचित उतरता डावा खांदा. तेवढ्यात गोळी सुटली आणि ड्रायव्हर कोसळला.

"आई, कोण होते ते?" सालोमीने विचारलं.

सिनेमा कंपनीचा पत्ता काढून पंधरवड्याने दीर-भावजय कलकत्त्याला पोचली. स्टुडिओत इग्नेशियस वेटरचा कोट घालून बाकावर बसला होता. तिला पाहून तो उठून उभा राहिला.

"बोट सोडली ती सिनेमासाठी," तो कसाबसा म्हणाला. "हिरो होऊनच घरी जायचं ठरवलेलं. पण बंगाली धड जमेना. वेटर, ड्रायव्हर, पाद्री... दोन वाक्यांच्या वर कधी काही मिळालंच नाही. काय तोंड घेऊन येणार होतो?"

"जिवंत आहे, एवढं तरी कळवायचं होतं!" जुलियानाचा आवाज चिरकला. "मी विधवा म्हणून जगले हो!"

इतक्यात आतून त्याला शॉटसाठी हाक आली. इग्नेशियसने ट्रे उचलला, क्षणभर घुटमळला आणि गेला. जुलियाना दाराकडे बघतच राहिली.

नाताळला तो गावी आला. अख्खं वटार अंगणात लोटलं. पोरं त्याला सिनेमातल्यासारखं गोळी लागून पडून दाखवायला सांगत होती. तो हसत होता, पण डोळे सालोमीला शोधत होते. ती पाण्याचा तांब्या घेऊन बाहेर आली.

"घ्या, अंकल," ती म्हणाली.

जुलियानाने लेकीला दटावलं नाही.