उष्ट्या ताटावरचे झाकण

मी एक जुने स्टीलचे ताट आहे. माझ्या काठावर ‘सौ. शशिकला’ असे कोरले आहे. लग्नात तिच्या आईने उज्जैनच्या दुकानात उभे राहून ते कोरून घेतले होते. मित्रांनो, पुढची तीस वर्षे माझ्यात कुणीही जेवले नाही.

भोपाळमधल्या सरकारी कारखान्याच्या वसाहतीत आमचे क्वार्टर. शशिकलाबाई नवऱ्याच्या उष्ट्या ताटात जेवायच्या. मधुकरराव शेवग्याच्या शेंगांचा चोथा टाकून ते ताट त्यांच्याकडे सरकवायचे. चोथा बाजूला सारून त्या त्यातच वाढून घ्यायच्या. याला घरात सगळे चांगले वळण म्हणत. मला मात्र संताप यायचा. मला कणकेवर झाकण म्हणून पालथे घालत.

मग बाईंना मधुमेह झाला. गोळी घेतली की साडेअकराला जेवायलाच हवे, नाहीतर चक्कर येईल, असे डॉक्टरांनी बजावले. मधुकरराव तर चारला परतायचे. ते कारखान्यात सुटे भाग तपासून ‘पास’चा शिक्का मारत. त्यांनी तोडगा काढला.

“मी सकाळीच उष्टं करून जात जाईन,” ते म्हणाले.

तेव्हापासून रोज सकाळी सहाला ते वाढलेल्या ताटातली पोळी एकदा चावत, भाताला बोट लावत आणि बस पकडत. वर झाकण मीच! दुपारी बाई ती वाळलेली पोळी खात. नवरा किती काळजी घेतो, असे शेजारणी म्हणत.

एके दिवशी बस लवकर आली आणि चावा राहून गेला. साडेअकराला बाईंनी मला उचलले, अख्खी पोळी पाहिली आणि पुन्हा झाकून ठेवले. चारपर्यंत त्या भिंतीला टेकून बसल्या होत्या, घामाने भिजलेल्या. मधुकरराव आले, घाबरले आणि सर्वांत आधी त्यांनी पोळी चावली.

“झालं. आता जेव.”

बाईंनी डब्यातली चिमूटभर साखर तोंडात टाकली. मला सुलटे केले, पदराने पुसले.

“ते तुम्हीच संपवा,” त्या म्हणाल्या. “मी माझ्या ताटात घेते.”

त्यांनी ताजा भात शिजायला टाकला. तो गरम भात माझ्यावर पडला तेव्हा मला रडू आले. तरी माझा राग गेलेला नाही. मित्रांनो, तुमच्या घरात एखादे ताट पालथे पडले असेल तर त्यावरचे नाव वाचा. ते जिचे असेल, तिला आज त्यात वाढा. सगळ्यांच्या आधी.