सातव्या आणि आठव्याच्या मधे

एल्वीराबाईंना घरी जेवायला बोलावल्यापासून सुलेखाने घर दोनदा आवरून काढलं होतं. ज्यांच्या पुस्तकांवर तिची चार वर्षं पीएच.डी. चालली होती, त्या बाई परिषदेसाठी सिंगापूरला येतात काय, आणि लगेच "येते की," म्हणतात काय! आता सेंगकांग उपनगरातल्या तिच्या इमारतीत, लिफ्टमध्ये, त्या शेजारी उभ्या होत्या आणि सुलेखा मनातल्या मनात इंग्रजी वाक्यं जुळवत होती.

एल्वीरा सालदान्या सत्तरीच्या. टेक्सासमध्ये, मेक्सिकोच्या सीमेलगत, कांदे काढणाऱ्या मजुरांच्या घरात जन्मलेल्या. शाळेत स्पॅनिश बोलल्या म्हणून हातावर पट्ट्या खाल्लेल्या. पुढे प्राध्यापक झाल्या आणि दोन्ही भाषांची बेधडक सरमिसळ करून पुस्तकं लिहिली. सीमा बाईच्या जिभेवरही आखलेली असते आणि ती आखायला घरचेच पुढे असतात, असं त्यांचं म्हणणं. सुलेखाने ते प्रबंधात तीनदा वापरलं होतं. घरी मात्र आठ वर्षांच्या आर्याशी ती इंग्रजीच बोलायची. पोरगी शाळेत मागे पडेल ही धास्ती. बाईंनी नेमकं तेच विचारलं तर?

सातव्या आणि आठव्या मजल्यांच्या मधे लिफ्ट हिसका देऊन थांबली. दिवा गेला.

सुलेखाने चाचपडत अलार्म दाबला. "माणूस येतोय, अर्धा तास लागेल," असं उत्तर आलं. तेवढ्यात बाई भिंतीला घासत खाली बसल्या. त्यांचा श्वास जोरजोरात चालला होता आणि त्या स्पॅनिशमध्ये भराभर काहीतरी पुटपुटत होत्या.

"इंग्रजीत सांगा ना, काय होतंय?" सुलेखाने विचारलं. बाईंच्या तोंडून इंग्रजी येईना.

मग सुलेखाला त्यांच्या पुस्तकातली कांद्याची वखार आठवली. गणवेशातले सीमा-पोलीस धाड घालायला आले, की कागदपत्रं असूनही आई पाच वर्षांच्या एल्वीराला पोत्यांमागे अंधारात दडपून ठेवायची. हे सुलेखाने टिपणांसकट वाचलं होतं, पण तो श्वास आज पहिल्यांदा ऐकला. बाईंना इथेच काही झालं तर?

"घाबरू नका हो," ती एकदम मराठीत म्हणाली. "मी आहे ना. हात द्या."

हात बर्फासारखा होता. तो चोळत तिने पाढे सुरू केले. "बे एके बे, बे दुणे चार..." साताच्या पाढ्यापर्यंत आली तेव्हा बाईंचा श्वास त्या ठेक्यावर आला होता.

लिफ्टवाल्याने दार उघडलं तेव्हा दोघी घामाने निथळत होत्या. उरलेले मजले त्या जिन्याने चढल्या.

"काय म्हणत होतीस?" बाईंनी धापा टाकत इंग्रजीत विचारलं.

"पाढे. शाळेत मराठीत घोकलेले."

"मुलीला येतात?"

सुलेखा पायरीवरच थबकली. खोटं बोलणं सोपं होतं. "नाही," ती म्हणाली. "मी शिकवलेच नाहीत. भीती वाटते."

"मला अजून वाटते," एवढंच म्हणून बाई पुढे चढू लागल्या.

आर्याने दार उघडलं. "Mama, why so late?"

"लिफ्ट अडकली होती गं. आम्ही दोघी फार घाबरलो."

"Huh? Say in English lah!" आर्या सिंगापुरी हेल काढून म्हणाली.

"आधी आजींना पाणी दे," सुलेखा मराठीतच म्हणाली, आणि आर्या गोंधळून तिच्याकडे बघतच राहिली.