गुरुमूर्तींची अडिप्रदक्षिणा

"ह्यांचे पाय म्हणायचे की भिंगरी मेली! घरात ठरतच नाहीत. कोपऱ्यावर पान आणाया गेले, ते तळ्यापर्यंत भटकून आले. मी आपली दारात वाट बघत उभी."

ऑटोत मंगला कुरकुरत होती, आणि तीही अगदी शिवकामीच्या कानाशी. शिवकामीने पदर घट्ट ओढून घेतला. ही कुरकूर नव्हे, हा नवा दागिना होता आणि धाकट्या जावेने तो मुद्दाम थोरलीच्या कानाशी वाजवला होता.

दोन महिन्यांपूर्वी मंगलाचा नवरा शामसुंदर भिंत धरून चालायचा. मग तंजावूरला त्याच्या डोक्याचं ऑपरेशन झालं. कसली तरी नळी घातली, एवढं शिवकामीच्या कानावर आलं होतं. जास्त तिने विचारलं नव्हतं. आता तो बरा झाला म्हणून पट्टीश्वरमच्या दुर्गेचा नवस फेडायला घरचे सगळे, अस्केच्या अस्के, निघाले होते. पुढच्या ऑटोत शामसुंदर, त्याची मुलगी वाणी, आणि मध्ये गप्प बसलेले शिवकामीचे यजमान, गुरुमूर्ति.

मेलकावेरीच्या सासरघरात पहिला मान कायम शिवकामीचा. पहिली ओटी तिची, सणाची पहिली फोडणी तिची. नवराही तिचाच वरचढ: गुरुमूर्ति बँकेत मोठे साहेब, तर शामसुंदरचा टायपिंगचा क्लास. निवृत्तीनंतरही तिने मागे पडू दिलं नव्हतं. गुरुमूर्तींची पावलं आखूड झाली, एका पावलाला दुसरं चिकटून पडायला लागलं, तेव्हा देवळातल्या फुलवालीने हात जोडले. "अडिप्रदक्षिणा! पुरुषमाणसाला एवढी भक्ती!" पावलाला पाऊल लावून देवाभोवती फिरायचं हे व्रत गावात बायका करत, पण एक फेरी झाली की संपलं. गुरुमूर्ति तर न्हाणीघरातसुद्धा तसेच जात. शिवकामीने फुलवालीला नाही म्हटलं नाही. पुढे ते बोलेनासे झाले, त्याचं मौन झालं. धोतर वेळी-अवेळी बदलावं लागलं, त्याचं सोवळं झालं. परसात धोतरं वाळत घालताना ती शेजारणीला सांगे, "ह्यांचं मडी-सोवळं फार कडक हो." शेजारीण मान डोलवी. शेजारणीला नाक होतं, पण तिने ते कधी वापरलं नाही.

देवळात शिरल्याबरोबर शामसुंदर सुटला. भादरलेले केस कानामागे नुकते खुंटासारखे उगवले होते, तेवढीच काय ती आजाराची खूण. मंगला ओटीचं ताट सांभाळत मागून ओरडत होती, "अहो, थांबा की जरा!"

शिवकामीने ते ऐकलं. आपण नवऱ्याला 'थांबा' कधी म्हटलं होतं? आपल्या तोंडी आता एकच शब्द, 'चला'. उंबऱ्याशी गुरुमूर्ति अडले होते. तिने हळूच त्यांच्या पोटरीवर थापटलं. "चला." पाऊल जागचं सुटेना. मागची माणसं आदराने खोळंबली. कुणीतरी नमस्कारही केला. एरवी त्या नमस्काराने तिचा ऊर भरून आला असता. आज तिची नजर कोपऱ्यावरून वळणाऱ्या त्या दुसऱ्या पाठीवर होती.

नवस फेडून झाल्यावर मंडपात चिंचभाताचा डबा उघडला. ओळखीचे गुरुजी चौकशीला आले. "शामसुंदर, तुम्हाला झालं तरी काय होतं?"

उत्तर वाणीने दिलं. "मेंदूच्या पोकळ्यांत पाणी साचलं होतं, गुरुजी. आधी पाय जमिनीला चिकटतात. मग लघवी कळत नाही, बोलणं मंदावतं. आम्हीही म्हातारपण म्हणून बसलो होतो. डॉक्टरांनी पाठीतून थोडं पाणी काढून बघितलं, तर अप्पा पाऊल उचलून चालले. मग नळी घातली, डोक्यापासून पोटापर्यंत, कातडीखालून. सगळ्यांनाच गुण येतो असं नाही, पण वेळेवर बघून घेतलं तर..."

ती थांबली. तिची नजर थोरल्या काकांच्या धोतरावर गेली होती. तिथे ओल पसरत होती.

गुरुजींना एकदम गाभाऱ्यातलं काम आठवलं. शामसुंदर गोपुराकडे असा बघायला लागला, जणू ते आजच बांधलंय. मंगलाने घाईने डबा पुढे केला. "अक्का, भात घ्या की. तुम्ही तर काहीच खाल्लं नाही."

"ह्यांचं वेगळं अहे," शिवकामी म्हणाली. कुणी विचारलं नव्हतं, तरी म्हणाली, आणि जरा मोठ्यानेच. "ह्यांचं व्रत अहे."

"होय, होय," मंगला पुटपुटली.

धाकटीने इतक्या पटकन मान्य करावं, हे शिवकामीला जास्त लागलं. आजार म्हटला, तर फुलवालीचे, शेजारणीचे, अस्क्यांचे जोडलेले हात परत करावे लागणार. वर मंगलाच्या मागे मागे जावं लागणार, मंगलाच्या डॉक्टरकडे, मंगला सांगेल तशी. आणि व्रतच म्हटलं, तर?

शामसुंदर हात धुवायला उठला. खांब न धरता, बोलता बोलता, सहज. त्याच्या टाचा दगडावरून उचलत होत्या, पडत होत्या, पुन्हा उचलत होत्या. शिवकामीने इतक्या हावरेपणाने कधी कुणाच्या दागिन्याकडेही पाहिलं नव्हतं. तिने मान वळवली.

गुरुमूर्तिही त्याच टाचांकडे बघत होते.

त्यांचा हात तिच्या मनगटावर आला. ओठ हलले, थांबले, पुन्हा हलले. मंगला डब्याचं झाकण हातात धरून तशीच राहिली.

"शिवा," ते म्हणाले. मग एकेक शब्द, जड, पण स्पष्ट.

"व्रत नव्हे गं. मज पाय उचलत नाहीत. शामला नेलं, तिथंच मजही ने."