अमावस्येची झाडलोट

"अमावस्या झाली की तुमचं सॉफ्टवेअर मरतंय," लातूरच्या डाळमिलवाल्या श्रीमंतशेठनं अर्शियाला फोनवर सुनावलं. "आज चालू न्हाई झालं तर काढून टाकतो."

अर्शियानं नांदेडातून एसटी धरली. हा प्रोग्राम तिनं एकटीनं लिहिलेला, शेठ तिचं पहिलंच गिऱ्हाईक. प्रोग्रामच्या पोटात छोटा ब्राउझर होता, त्यात बाजाराचे भाव दिसायचे. आता मिलच्या कंप्युटरवर ती खिडकी पांढरीफटक आणि वर इंग्रजीत बोंब : ब्राउझरला लागणारी लायब्ररी फाइल सापडत नाही.

आधी दोनदा तिनं नांदेडात बसूनच, नेटवरून, प्रोग्राम काढून पुन्हा टाकला होता. चालला, विषय संपला. कारण शोधायला डोकं लागतं, पुन्हा टाकायला बोट पुरतं. अमावस्येचं ऐकून तर ती हसलीही होती. शिकलेली माणसं अशी हसतात आणि तपास तिथंच थांबवतात.

आज तिनं अँटीव्हायरस बघितला. त्यानं कुठली फाइल खाल्ली नव्हती. मग अमावस्याच का?

"काका, अमावस्येला तुम्ही काय करता?" तिनं मुनीम किशनरावांना विचारलं.

"मिल बंद असती. पट्टे पुसायचे, काटा पुसायचा, नारळ फोडायचा."

"आन् कंप्युटर?"

"त्यानं काय पाप केलंय? त्याला बी उदबत्ती. आतला कचरा बी काढतो."

"कुठला कचरा? दाखवा की."

किशनरावांनी टेम्प फोल्डर उघडला, तात्पुरत्या फाइली पडतात तो. आरशासारखा लख्ख. अर्शिया बघतच राहिली. तिचा प्रोग्राम पहिल्यांदा उघडताना ब्राउझरच्या फाइली इथंच सोडायचा, काम झाल्याची खूण दुसरीकडं ठेवायचा आणि पुन्हा कधी वळून बघायचा नाही.

"म्हंजे घाण मुनीमानं केली," शेठ म्हणाले.

किशनरावांचा चेहरा उतरला. अर्शियानं नुसतं 'हाव, त्यांनीच' म्हटलं असतं तर तिचं काम वाचलं असतं.

"न्हाई शेठ. कचऱ्याच्या जागी संसार मी मांडला. काकांनी बरोबरच झाडलं."

तिनं फाइलींना प्रोग्रामच्याच फोल्डरात जागा दिली, दर वेळी उघडताना त्या तपासायला लावल्या.

"काका, पुन्हा झाडा."

"आज अमावस्या कुठंय?"

"तरी झाडा."

किशनरावांनी झाडलं. अर्शियानं प्रोग्राम उघडला. खिडकी क्षणभर पांढरी राहिली, मग तुरीचे भाव उमटले.

शेठनं चष्मा चढवून भाव वाचले. काढून टाकायचं काही बोलले नाहीत.

"ह्यात सोयाबीन बी बसतंय का?" त्यांनी विचारलं.